कॅप्टनच्या शेजारची जागा

कॅप्टन एझ्रा प्रुइट यांच्या नावाने नवा पूल बांधायचा, तर त्यासाठी आधी कॅप्टन एझ्रा प्रुइट यांनाच उठवावं लागणार होतं. पुलाचा जोडरस्ता नेमका जुन्या दफनभूमीवरून जात होता. प्रुइट्स लँडिंगच्या नगरसभेत हा मुद्दा निघाला तेव्हा त्यात कुणालाही काही विनोदी वाटलं नाही. उलट महापौर ट्रॉय हॅमन म्हणाला की थोर माणसं मेल्यावरसुद्धा गावाच्या विकासाच्या आड येत नाहीत, आणि त्यावर टाळ्या पडल्या.

टाळ्या न वाजवणारं सभागृहात एकच माणूस होतं. आर्डिथ प्रुइट. वय बहात्तर, अविवाहित, गावातल्या शेवटच्या प्रुइट. त्यांचा पुलाला विरोध होता असं नाही. ठरावात कॅप्टनच्या मृत्यूचं साल चुकलं होतं आणि ते दुरुस्त करून घेण्यासाठी त्या हात वर करून बसल्या होत्या.

वॉबॅश नदीच्या या वळणावर आर्डिथबाईंना न ओळखणारा प्रौढ माणूस सापडणं कठीण. मोटारीचे परवाने देणाऱ्या कचेरीत त्यांनी उभी हयात काढली आणि गावातल्या प्रत्येकाला कधी ना कधी त्यांच्या खिडकीवरून हात हलवत परत जावं लागलं. पत्त्याचे दोन पुरावे लागत. एक आणला तर दुसरा कुठे, आणि दोन आणले तर दुसऱ्यावर मधलं नाव का नाही. जिच्या स्वयंपाकघरात त्या लहानाच्या मोठ्या झाल्या त्या सख्ख्या मावशीलाही त्यांनी एकदा ओळख पटत नाही म्हणून घरी पाठवलं होतं. त्या वर्षी मावशीने त्यांना थँक्सगिव्हिंगच्या जेवणाला बोलावलं नाही. आर्डिथबाईंना वाईट वाटलं. नियम चुकला असं मात्र वाटलं नाही.

निवृत्त झाल्यावर त्यांनी हीच खिडकी जुन्या रेल्वे स्टेशनात उघडली. तिथे गावाचं इतिहास मंडळ भरतं आणि आर्डिथबाई त्याच्या अध्यक्ष आहेत. दुसरं कुणी उभं राहत नाही. मंडळ 'संस्थापक घराणं' अशी पितळी पाटी देतं, दाराशेजारी ठोकायला. ही पाटी मिळवणं परवान्यापेक्षा अवघड आहे. शेजारच्या डार्लीन शूपने तीनदा अर्ज केला. तिचा खापरपणजोबा म्हणे कॅप्टनच्या नदीपार नेणाऱ्या नावेवर वल्हं मारायचा आणि कॉलऱ्याच्या साथीत मेला.

"आमच्या घरात सगळे हेच सांगत आलेत," डार्लीन म्हणाली.

"सांगत आले हा पुरावा नसतो, डार्लीन."

"मग तुझ्या कॅप्टनचा पुरावा काय गं?"

"त्याचा दगड आहे."

दगड होता, यात शंका नाही. कमरेएवढा उंच, संगमरवरी, वर कोरलेला जहाजाचा नांगर. 'एझ्रा प्रुइट येथे विसावला आहे. त्याने इतरांना विसावा दिला.' गोष्ट अशी सांगतात की साथ आली तेव्हा लोक गाव सोडून सुचेल तिकडे पळाले आणि कॅप्टन मागे राहिला. मेलेल्या प्रत्येकाला त्याने आपल्या हाताने पुरलं आणि सगळ्यांत शेवटी स्वतः मेला. शेवटच्याला कुणी पुरलं, हा प्रश्न गावात विचारत नाहीत. दरवर्षी मेअखेरीस, मृतांना फुलं वाहण्याच्या दिवशी, आर्डिथबाई कॉफीच्या रिकाम्या डब्याला चांदीचा कागद गुंडाळून त्यात पिओनीची फुलं भरत, तो दगडापाशी ठेवत आणि शाळेच्या मुलांना ही गोष्ट सांगत. मुलं डुलक्या काढत. त्यांच्या बापांनीही काढल्या होत्या.

त्या दगडाच्या उजव्या हाताला आर्डिथबाईंची आई होती. दफनभूमीत नव्या माणसांना घेणं कधीच बंद झालं होतं, पण लिओटा प्रुइट गेल्या तेव्हा नगरसभेने अपवाद केला. लिओटाबाई म्हणजे महिला मंडळाच्या कायमच्या अध्यक्ष. त्यांना नाही म्हणण्याची सवय गावाला लागलीच नव्हती. इस्पितळात शेवटच्या दिवशी त्या आधी तिथल्या पुडिंगबद्दल सविस्तर बोलल्या आणि मग म्हणाल्या, "मला कॅप्टनच्या शेजारी ठेव. आणि नंतर तूही तिथेच ये. मला परक्या लोकांत एकटी टाकू नकोस." आर्डिथबाईंनी शब्द दिला. आयुष्यात त्यांनी कागदाशिवाय मान्य केलेली ही एकच गोष्ट.

आता सगळेच हलणार होते. गावाबाहेर नवी दफनभूमी आखली होती. तिच्यात टेकडीवरची मोक्याची जागा कॅप्टनला, त्याच्या एका बाजूला लिओटाबाई आणि दुसऱ्या बाजूला, वेळ येईल तेव्हा, आर्डिथबाई, असं नगरसभेने मंजूर केलं. अट एकच होती आणि ती राज्याच्या खात्याची होती: ज्याची ओळख पटेल त्यालाच नावाची जागा. ज्याची पटणार नाही तो खालच्या सपाटीवर सामायिक जागेत, नावाऐवजी क्रमांकाखाली. ही अट वाचून आर्डिथबाईंना फार बरं वाटलं. कुठेतरी अजून शिस्त आहे.

ओळख पटवायला कॉलीन इव्हान्स्की नावाची पुरातत्त्व जाणणारी बाई आली. तिशीची, उन्हाने रापलेली, पायात चिखलाचे बूट. आर्डिथबाई रोज सकाळी घडीची खुर्ची घेऊन हजर राहत आणि तिने न विचारताच तिला इतिहास सांगत. कॉलीन ऐकून घेई. अशा प्रत्येक कामावर एक घडीची खुर्ची असतेच, हे तिला ठाऊक होतं.

यंत्राने वरचा मातीचा थर अलगद खरवडला, तसं खालचं दिसू लागलं. कबर खणून पुन्हा भरली की तिथली माती आजूबाजूच्या मातीसारखी कधीच होत नाही. पिवळ्या चिकणमातीत काळपट लांबट डाग दिसतो. असे डाग दिसले, भरपूर दिसले. एवढंच की दगड जिथे होते तिथे ते नव्हते. दगड शाळेच्या कवायतीसारखे सरळ रांगांत, आणि डाग जत्रेतल्या गर्दीसारखे, कुणी तिरके, कुणी एकमेकांच्या अंगावर, काही चक्क पायवाटेखाली.

कॅप्टनच्या दगडाखाली कॉलीनने स्वतः खोरं चालवलं. बराच वेळ ती खाली वाकून होती. मग उभी राहिली.

"मिस प्रुइट, इथे कुणी नाहीये."

"नीट बघा. खोल असेल."

"खोलाचा प्रश्न नाही. ही माती कधी खणलेलीच नाही. नदीने आणून टाकली तेव्हापासून अशीच आहे."

"दगडावर 'येथे' म्हटलंय."

"हो. वाचलं मी."

आर्डिथबाई खुर्चीवरून उठल्या, कडेपाशी गेल्या आणि पिवळ्या मातीकडे बघत राहिल्या. अर्धवट भरलेला अर्ज बघावा तशा.

बर्डेट योकम तेव्हा कुंपणाला टेकून डोनट खात होता. धान्याच्या कोठारावरून निवृत्त झालेला माणूस, नव्वदीला टेकलेला. गावात कुठेही खोदकाम निघालं की बघायला येणार.

"कसा सापडेल तिथे?" तो म्हणाला. "दगड सरकवले नव्हते का?"

"कुणी सरकवले?" आर्डिथबाईंनी विचारलं.

"कुणी म्हणजे? आपणच. अख्ख्या गावाने. लिओटाच्या साफसफाईच्या दिवशी. अगं आर्डी, तूही होतीस की! गुलाबी फ्रॉक घालून लिंबू सरबत वाटत होतीस."

सरबत आर्डिथबाईंना आठवत होतं. मोठी माणसं दगडांशी काय करत होती ते आठवत नव्हतं. तेव्हा त्या आठ वर्षांच्या होत्या आणि त्यांचं लक्ष पेल्यांवर होतं.

बर्डेटने सगळं खुलासेवार सांगितलं. महिला मंडळाने वर्गणी काढून दफनभूमीला गवत कापायचं नवंकोरं यंत्र भेट दिलं होतं. बसून चालवायचं, लाल रंगाचं. पण दगड वेडेवाकडे, यंत्राला वळायला जागा नाही. यंत्र परत करायचं, की दगड सरळ करायचे? शंभर वर्षं पडून असलेल्या माणसांपेक्षा नव्या यंत्राची सोय बघायला हवी, हे सांगायला लिओटाबाईंची गरजही नव्हती. पण त्या होत्या, आणि त्यांनी सुतळी आणली. एका शनिवारात रांगा लागल्या. जे दगड रांगेत बसेनात ते कुंपणाकडेला आडवे रचले. त्या वर्षी सर्वांत नीटनेटकी दफनभूमी म्हणून राज्याचं बक्षीस गावाला मिळालं.

"आणि माणसं?" कॉलीनने विचारलं.

"माणसांना कोण हात लावणार, बाई?" बर्डेट दुखावला. "मेलेल्यांचा काही मान असतो की नाही?"

"हे इतकी वर्षं तुम्ही कुणाला बोलला का नाहीत?" आर्डिथबाई म्हणाल्या.

"त्यात बोलण्यासारखं काय होतं? सगळ्यांना ठाऊक होतं. तुला इतिहासाची एवढी आवड, मला वाटलं तुला तर ठाऊक असणारच." त्याने बोटांची साखर चाटली. "बटाट्याचं सॅलड काय झालं होतं त्या दिवशी!"

लिओटाबाई मात्र बरोबर सापडल्या. त्यांचं काँक्रीटचं कवच आणि त्यावरचं नाव, दोन्ही शाबूत होतं. म्हणजे आईने हट्टाने जिच्या शेजारी जागा मिळवली ती होती पिवळी चिकणमाती, आणि तिथला दगड तिने स्वतःच सुतळी धरून आणून उभा केला होता. तिला कळलं होतं की नाही? आर्डिथबाईंनी त्या रात्री यावर विचार केला आणि कळलं नसावं असं ठरवलं. आईच्या लेखी माणूस आणि त्याचा दगड यांत फरक असता, तर तिने आधी माणसांना रांगेत उभं केलं असतं.

हाडांवरून ओळख पटवावी, तर तीही सोय उरली नव्हती. दर पुरात नदी जमिनीत मुरून गेली होती. हाडं केव्हाच विरघळली होती. उरले होते ते डाग, गंजके खिळे आणि काही बटणं. प्रत्येक डागाची माती एका लाकडी पेटीत भरली जात होती. कॅप्टन एझ्रा प्रुइट या पेट्यांपैकी एकीत होता, एवढं नक्की. कोणत्या, ते देव जाणे, आणि त्यानेही राज्याच्या खात्याला कळवलं नव्हतं.

त्या आठवड्यात महापौर आर्डिथबाईंच्या ओसरीवर येऊन बसला. त्याला घाम फुटला होता. कॅप्टनला टेकडीवर नेण्याच्या सोहळ्याची तारीख ठरली होती, शाळेचा बँड सांगून ठेवला होता, तळलेल्या माशांच्या जेवणाची कूपनं विकली गेली होती.

"आर्डिथबाई, मी काय म्हणतो. त्यातला एखादा चांगला, उंचपुरा डाग निवडू."

"डाग?"

"म्हणजे कबर हो. कॅप्टन उंच होते ना? तसाच लांब डाग, दगडाच्या जवळपासचा. खात्याचा नियम मी वाचलाय. पुरावा नसेल तर जवळच्या वारसाने 'परंपरेने हीच कबर मानली जाते' असं लिहून सही दिली तरी चालतं. वारस तुम्हीच. एक सही. कॅप्टन टेकडीवर, तुमची आई शेजारी, तुमची जागा पक्की. सगळे खूश."

"पण ती कबर परंपरेने तशी मानली जात नाही, ट्रॉय. ती आहे हेच आपल्याला परवा कळलं."

"परंपरा कुठूनतरी सुरू व्हायलाच लागते ना!"

आर्डिथबाईंनी त्याच्याकडे पाहिलं. सतराव्या वर्षी हाच ट्रॉय चष्मा न लावता डोळ्यांची चाचणी द्यायला आला होता आणि तक्त्यावरची अक्षरं पाठ करून आला होता.

"कागद ठेवून जा," त्या म्हणाल्या.

कागद स्वयंपाकघरातल्या टेबलावर दोन दिवस पडून होता. आर्डिथबाई त्याच्या शेजारी बसून जेवत. सही केली तर आईला दिलेला शब्द पुरा होत होता. आपण मेल्यावर कुठे पडायचं, कुणाच्या शेजारी, हे त्यांचं चाळीस वर्षं ठरलेलं होतं. नवरा नाही, मूल नाही, भावंड नाही. माणसाला आपलं म्हणायला निदान जमिनीचा एक तुकडा लागतो, आणि त्यांचा हा होता. सही केली नाही, तर आई टेकडीवर एकटी पडणार आणि तिचा कॅप्टन खाली सपाटीवर एक क्रमांक होणार. खोटं लिहायचं होतं ते तरी केवढं? एका ओळीचं. आणि ते खोटं पकडू शकेल असं गावात एकच माणूस होतं, ते आत्ता त्याच टेबलाशी बसून उकडलेलं अंडं सोलत होतं.

तिसऱ्या दिवशी डार्लीन आली. हातात चिकन-नूडल्सचं भांडं. इथे कुणाकडे मयत झाली की हेच नेतात.

"कोण गेलं?" आर्डिथबाईंनी विचारलं.

"तुझा कॅप्टन गेला ना. म्हटलं जेवली नसशील." डार्लीन भांडं कागदावर ठेवणार होती, पण तिने तो वाचला आणि भांडं बाजूला ठेवलं. "अगंबाई. मग? दगड आहे ना त्याचा?"

"हसून घे."

"सकाळीच हसून घेतलंय, पोटभर. आता सही करून टाक बाई एकदाची."

"तू सांगतेस हे?"

"मीच सांगणार. तू सही केलीस की सोमवारी मी पाटीसाठी चौथा अर्ज घेऊन येते. 'आमच्या घरात सगळे सांगतात.' बघू तर मग कोणत्या तोंडाने नाही म्हणतेस. आणि माझ्यामागे अख्खी पेठ येईल. नेपोलियन आपल्या पोटमाळ्यावर राहायचा असं बर्डेटसुद्धा सांगतो."

आर्डिथबाईंनी खरकटं उचललं. नळ सोडून भांडी विसळायला लागल्या.

"तुला नाही वाईट वाटत?" त्यांनी पाठमोऱ्याच विचारलं. "तुमच्या म्हाताऱ्याचा तर दगडही नव्हता."

"कशाला वाटेल? तिथेच कुठेतरी आहे तो, त्या घोळक्यात. एकटा तर नाहीये. आणि नूडल्स गार करू नकोस, घट्ट होतात."

दुसऱ्या दिवशी सकाळी आर्डिथबाई कामाच्या जागेवरच्या पत्र्याच्या कचेरीत गेल्या. कॉलीन होती, महापौरही तिथेच घुटमळत होता. आर्डिथबाईंनी त्याचा कागद त्याला परत दिला, सही न करता.

"आईला खाली ठेवायचंय," त्या कॉलीनला म्हणाल्या. "सामायिक जागेत, पेट्यांबरोबर."

"तसं नाही करता येणार, मिस प्रुइट. ती जागा ओळख न पटलेल्यांची आहे. तुमच्या आईची ओळख पटलेली आहे."

"ओळख न पटलेल्याला नावाच्या जागेत ठेवता येणार नाही, असा नियम आहे. ओळख पटलेल्याला बिननावाच्यांत ठेवता येणार नाही, असं कुठे म्हटलंय, ते दाखवा."

कॉलीनने नियम काढले. आर्डिथबाई समोर उभ्या राहिल्या, हात एकावर एक ठेवून. कॉलीनने दोन्ही बाजू वाचल्या, मग पुरवणीही वाचली.

"नाही म्हटलेलं," ती शेवटी म्हणाली. "कुणी स्वतःहून तसं मागेल असं बहुधा त्यांना वाटलं नसावं."

"मग ठेवा."

"अहो पण टेकडी?" महापौर म्हणाला. "आम्ही टेकडी मंजूर केलीय! माणूस टेकडी सोडून खाली जातो का?"

"ट्रॉय, कॅप्टन कोणत्या पेटीत आहे ते मला माहीत नाही. पण तो त्या पेट्यांत आहे हे मला माहीत आहे. आईला त्याच्याजवळ ठेवायचं तर तीच एक खात्रीची जागा. टेकडीवर तू कुणालाही ने, तो कॅप्टन असेल याची खात्री नाही."

"मग सोहळ्यात मी टेकडीवर काय नेऊ?"

"दगड ने. दगड खरा आहे."

महापौराने दगडच नेला. शनिवारी उघड्या मोटारीतून, झेंड्यात गुंडाळून, पुढे बँड. टेकडीवर तो उभा केला, आणि गावाला गेली साठ-सत्तर वर्षं जसा होता तसाच कॅप्टन परत मिळाला. मोटारीत बसायचा मान आर्डिथबाईंना देऊ केला होता. त्यांनी तो डार्लीनला द्या म्हणून सांगितलं. डार्लीनने मोठी टोपी घातली आणि रस्ताभर हात हलवला.

लिओटाबाईंचं हलवणं त्याच सकाळी निघालं, कारण क्रेन त्याच दिवशी मिळत होती. सपाटीवर पेट्या आधीच जमिनीत गेल्या होत्या. काँक्रीटचं कवच कडेला उतरवायला बराच वेळ लागला. टेकडीवरून भाषण ऐकू येत होतं, शब्द नाही, नुसता ध्वनिक्षेपकाचा सूर, आणि मधेच टाळ्या. आर्डिथबाई गाडीला टेकून उभ्या होत्या. आईला ही माणसं आवडली असती का? नसती. पेट्यांतले निम्मे तरी नावाडी, रोजंदारीवाले, नदीवरून आलेले आणि ताप येऊन मेलेले. त्यांच्यातल्या एकालाही लिओटाबाईंनी दिवाणखान्यात बसवलं नसतं.

"सवय होईल तिला," त्या स्वतःशीच म्हणाल्या.

क्रेनवाल्याने पट्टे सोडवले आणि विचारलं, "बाई, यांच्या पलीकडे थोडी जागा उरते. माती लोटून देऊ, की कुणासाठी ठेवायचीय?"

"ठेवा. माझी आहे."

"नावाची?"

"हो. माझ्याकडे पुरावे आहेत."

कॉलीन पोच घेऊन आली. आर्डिथबाईंनी तो कागद गाडीच्या टपावर पसरला, दोन्ही बाजू वाचल्या आणि चष्मा नाकावर सरकवला. एक रकाना रिकामा होता: लगतच्या कबरीतली व्यक्ती आणि तिचं मृताशी नातं. कॉलीन म्हणाली, तो सोडून दिला तरी चालेल, सगळे सोडतात. आर्डिथबाई म्हणाल्या, रकाना सोडायचा नसतो. मग त्यांनी सुवाच्य अक्षरात 'माहीत नाही' असं लिहिलं आणि खाली पूर्ण नावाने सही केली.